अब्रूचा मासिक हप्ता

वर्गणीकर हे आडनाव मतदारयादीत सापडणार नाही, पण वर्गणीकर राहत नाहीत अशी सोसायटीही सापडणार नाही. वय पन्नाशीच्या अलीकडे, पत्ता डोंबिवली पूर्व, नोकरी बरी, प्रकृती साधारण, आणि पाकिटात दोन कार्डं. एक पगाराच्या खात्याचं, ज्याचा पिन घरात सगळ्यांना पाठ आहे. दुसरं क्रेडिट कार्ड, ‘अडीअडचणीला असावं’ म्हणून घेतलेलं. अडचण नेमकी कोणती हे त्यांना कुणी विचारलं नाही, आणि दर महिन्याच्या सात तारखेला ती अडचण त्या कार्डावरून डॉलरमध्ये वजा होते.

आडपडदा न ठेवता सांगायचं तर वर्गणीकर एका ‘फक्त प्रौढांसाठी’ असलेल्या व्हिडिओ गेमचे मासिक वर्गणीदार आहेत. खेळाडू मुद्दामच म्हणत नाही. गेम त्यांनी उघडला त्याला जमाना लोटला. पासवर्डही आता आठवत नाही. ते फक्त पैसे भरतात आणि घाबरतात.

यावरून कुणी त्यांना रंगेल समजेल तर तो रंगेल लोकांवर अन्याय होईल. हा माणूस कढीपत्ता फुकट घेतल्याशिवाय भाजीवाल्यासमोरून हलत नाही. सोसायटीच्या वार्षिक सभेत टँकरच्या बिलातला अठरा रुपयांचा फरक त्यांनी उभं राहून विचारला होता आणि उत्तर मिळेपर्यंत चेअरमनना सामोशाला हात लावू दिला नव्हता. असा हिशेबी गृहस्थ पाच डॉलर, त्यावर अठरा टक्के जीएसटी, त्यावर बँकेचं परकीय चलनाचं शुल्क, असे पाचशेच्या वर रुपये दरमहा निमूट सोडून देतो. कारण या पैशांचा जाब विचारायचा तर पुन्हा उभं राहावं लागेल, आणि त्या वेळी सभेला चेअरमनऐवजी सासूबाई असतील.

प्रकरण सुरू झालं २०२० च्या टाळेबंदीत. वहिनींचं ऑफिस स्वयंपाकघरात, मुलीचं कॉलेज हॉलमध्ये, आईंची मालिका बेडरूममध्ये, आणि वर्गणीकरांची कंपनी गॅलरीत, वाळत घातलेल्या कपड्यांखाली. रात्री सगळे झोपल्यावर लॅपटॉपवर एक जाहिरात उगवली: सात दिवस मोफत. मोफत गोष्टीसाठी कार्डाचा नंबर कशाला हवा, हा प्रश्न त्यांनी टँकरवाल्याला नक्की विचारला असता. त्या रात्री तो सुचला नाही. वय अठराच्या वर आहे का, असं पानाने विचारलं. वर्गणीकरांनी ‘होय’ दाबलं. या सबंध व्यवहारात त्यांनी कुणालाही दिलेलं हे शेवटचं खरं उत्तर.

गेमची गोष्ट अशी की एका तरुणाला दूरच्या काकांची हवेली वारसाहक्काने मिळते. हवेलीत भाडेकरू राहतात. सगळ्या बायका, सगळ्या सुंदर, आणि भाडं वेळेवर देण्याची सवय एकीलाही नाही. पुढे काय होत असेल याची कल्पना कुणालाही यावी, पण वर्गणीकरांचं लक्ष भलतीकडेच गेलं. वारस दाखला नाही, प्रॉपर्टी कार्डावर नाव चढलेलं नाही, आणि हा पोरगा थेट राहायला जातो? भाडेकरू पागडीचे की करारावरचे? पावत्या कुणाच्या नावाने फाटतात? डोंबिवलीच्या माणसाला हवेली दाखवली की त्याला आधी तिचा कार्पेट एरिया दिसतो. दुसऱ्या भाडेकरणीच्या प्रसंगात पडद्यावर दोन पर्याय आले. एक धीट, दुसरा सभ्य. वर्गणीकरांना तिसरा हवा होता: ‘आधी थकबाकीचं बोलू.’ तो नव्हता. त्यांनी सभ्य पर्याय निवडला आणि कथानक जिथल्या तिथे थांबलं.

इथे या धंद्याची रीत सांगायला हवी. असे पुष्कळ गेम पूर्ण होऊन दुकानात येत नाहीत. एखादा एकटा माणूस किंवा दोनचार जणांची टोळी तो घरी बसून बनवते आणि चाहत्यांकडून दरमहा पैसे घेते. पेट्रिऑनसारख्या संकेतस्थळाने २०१३ पासून कलावंतांना अशा मासिक आश्रयदात्यांची सोय करून दिली. गायक, चित्रकार, व्यंग्यचित्रकार तिथे गेले, तसे हे गेमवालेही गेले. मग दर महिन्या-दोन महिन्यांनी गेमचा एकेक तुकडा येतो आणि त्याला आवृत्तीचा क्रमांक असतो: ०.१२, ०.१३, ०.१४. १.० आली की गेम पूर्ण. पण गेम पूर्ण झाला की वर्गणी कशाबद्दल मागायची? त्यामुळे अशा निर्मात्याला १.० ची घाई असण्याचं काहीच कारण नाही. वर्गणीकरांच्या हवेलीचा पहिला मजला ०.११ मध्ये येणार होता. ०.१४ आली तेव्हा जिन्यावर पाटी होती, ‘काम चालू आहे.’ निर्मात्याची दरमहा पत्रं येत. कधी संगणक बिघडला, कधी घर बदललं, कधी ताप आला. वर्गणीकरांची जुनी इमारत पुनर्विकासाला गेलेली असल्याने त्यांना हा मजकूर तोंडपाठ होता. “बिल्डर निदान भाडं तरी देतो,” एवढंच ते मनाशी म्हणत.

आमच्या लहानपणी वर्गणीदार म्हणजे घरातली मानाची व्यक्ती असे. दिवाळी अंकाची, मासिकाची वर्गणी मनिऑर्डरने जायची, नाहीतर व्हीपी सोडवून घ्यायची. वर्ष संपलं की संपादकांचं नम्र स्मरणपत्र यायचं. त्याकडे दुर्लक्ष केलं की पुढच्या महिन्यापासून अंक बंद. आळशी माणसाचे पैसे वाचत, भुर्दंड पडे तो उत्साही माणसाला. आता हे गणित उलटं फिरलंय. काहीच केलं नाही की सगळं चालू राहतं, आणि बंद करायला मात्र उठावं लागतं. काहीच न करणं ही ज्यांच्या स्वभावाची बैठक आहे त्यांना या युगात आजीव सभासदत्व आपोआप मिळतं.

हे निरीक्षण माझ्या एकट्याचं नाही. स्टेफानो डेलाविन्या आणि उल्रिके मालमेंडिअर या दोन अर्थशास्त्रज्ञांनी अमेरिकेतल्या तीन व्यायामशाळांच्या सभासदांचा अभ्यास करून २००६ साली एक निबंध प्रसिद्ध केला. जिमला न जाण्यासाठी पैसे भरणे, हाच त्याच्या मथळ्याचा आशय. महिन्याला सत्तर डॉलरहून अधिक भरणारे सभासद सरासरी चार-पाच वेळाच जिमला जात होते. म्हणजे दर खेपेला त्यांना सतरा डॉलरहून जास्त पडत होते, आणि दहा खेपांचा पास घेतला असता तर दर खेपेला दहा डॉलरमध्ये भागलं असतं. तरी बिचाऱ्या जिमवाल्याकडे निदान उजळ माथ्याने जाऊन “बंद करा” म्हणता येतं. वर्गणीकरांनी कुठे जायचं?

एकदा मात्र सुटका दारापर्यंत आली होती, आणि ती आणली होती साक्षात रिझर्व्ह बँकेने. कार्डावरून परस्पर होणाऱ्या ठरावीक कालावधीच्या वसुलीचे नवे नियम १ ऑक्टोबर २०२१ पासून पक्के झाले. ग्राहकाने सुरुवातीला ओटीपी टाकून परवानगी दिलेली असली पाहिजे, आणि पैसे कापण्याच्या किमान चोवीस तास आधी बँकेने त्याला कळवलं पाहिजे. परदेशातल्या कितीतरी कंपन्यांची तयारी नव्हती. भारतीय कार्डांवरच्या त्यांच्या वसुल्या धडाधड फसल्या. वर्गणीकरांचीही फसली. काही न करता, कुणाला न कळता, केवळ रिझर्व्ह बँकेच्या कृपेने ते मोकळे झाले. रात्री त्यांनी देवापुढे जास्तीचा दिवा लावला. आईंना वाटलं, बढती मिळाली.

तिसऱ्या दिवशी निर्मात्याचं पत्र आलं. तुमचं पेमेंट नाकारलं गेलं आहे, कृपया लक्ष घालावं.

नाकारलं गेलं! वर्गणीकरांच्या मागच्या तीन पिढ्यांत कुणाचा चेक परत आला नव्हता. आजोबा वाण्याची उधारी महिनाअखेरीला दारात नेऊन देत. वडिलांनी गृहकर्जाचा शेवटचा हप्ता मुदतीच्या आधी भरून बँकेच्या मॅनेजरला पेढे दिले होते. अशा घराण्याचं नाव कुठल्याशा परमुलखात थकबाकीदारांच्या यादीत? त्यांनी त्याच रात्री कपाटाआड बसून कार्डाची नव्याने नोंदणी केली, ओटीपी टाकला, आणि ‘हप्ता भरला गेला’ हा संदेश पाहून समाधानाने झोपी गेले. गेम त्या रात्रीही उघडला नाही.

जगाला वाटतं की असले धंदे चंगळखोर लोकांवर चालतात. चंगळखोर माणूस कंटाळला की निघून जातो, बिनदिक्कत बंद करतो, वर पैसे परत मागतो. या धंद्याचं भरवशाचं गिऱ्हाईक म्हणजे अब्रूदार माणूस. तो एकदा आला की जात नाही, कारण जाताना कुणीतरी बघेल अशी त्याला भीती असते.

आणि ही भीती धंद्याला नीट ठाऊक आहे. अशा व्यवहारांची वसुली बहुधा वेगळ्याच कंपन्यांमार्फत होते आणि कार्डाच्या स्टेटमेंटवर गेमचं नाव न येता काहीतरी निरुपद्रवी येतं. वर्गणीकरांच्या स्टेटमेंटवर यायचं ते नाव इतकं सात्त्विक होतं की त्यावरून पाण्याचा पंप किंवा दातांची कवळी काहीही विकत घेतल्याचा संशय येऊ शकला असता. वहिनींनी एकदा विचारलंच. वर्गणीकर म्हणाले, “अँटिव्हायरस.”

माणसाने खोटं बोलावं, पण उपयोगी वस्तूचं नाव घेऊन बोलू नये.

चोवीस तास आधी येणारा तो संदेश दर सहा तारखेला येतो. एका सहा तारखेला वर्गणीकर कुटुंबासह गणपतीपुळ्याहून परतत होते. आत्यांना गाडी लागते म्हणून त्या पुढच्या सीटवर. फोन गाडीला ब्लूटूथने जोडलेला. हातखंब्याच्या अलीकडे भजन मध्येच थांबलं आणि गाडीतल्या बाईने इंग्रजी संदेश खणखणीत आवाजात वाचून दाखवला: अमुक कंपनीला उद्या इतके पैसे आपल्या कार्डावरून दिले जातील. वर्गणीकरांचा पाय ब्रेकवर गेला. मागून ट्रकवाल्याने शिवी दिली.

“कसले रे पैसे?” आत्या.

“अँटिव्हायरस, आत्या.”

“म्हणजे काय असतं ते?”

“फोनला रोग होऊ नये म्हणून.”

“मग माझ्याही फोनला घाल की. चार दिवस झाले, फार मंद चालतोय. त्या भजनाच्या ग्रुपवरून काहीतरी आलंय त्यात.”

पालीला चहा होईपर्यंत मेहुण्यांनीही चौकशी केली की एका वर्गणीत किती फोन बसतात. घरी पोचल्यावर आत्यांनी ही बातमी त्यांच्या पद्धतीने सर्वत्र केली. आठवड्याभरात चेअरमन स्वतः वर आले. सोसायटीच्या ऑफिसातल्या संगणकाला तोच अँटिव्हायरस बसवून द्यावा, कारण वर्गणीकर पैशाच्या बाबतीत किती चोखंदळ आहेत हे अख्ख्या सभेने पाहिलंय. वर्गणीकरांनी मुकाट्याने एक खराखुरा अँटिव्हायरस घेतला, मोठा कुटुंबाचा प्लॅन, आत्या, मेहुणे आणि सोसायटीसकट. त्यात आपोआप नूतनीकरणाची खूण आधीच केलेली होती. ती काढायची राहून गेली. अशा रीतीने गेमच्या वर्गणीला पांघरूण घालणाऱ्या खोटेपणाचीही वर्गणी सुरू झाली, आणि ती मूळ वर्गणीपेक्षा महाग निघाली.

बंद करण्याचे प्रयत्न वर्गणीकरांनी केले नाहीत असं नाही. पहिला प्रयत्न म्हणजे त्यांनी गेम लॅपटॉपवरून पुसून टाकला. वहाणा बाहेर फेकल्या की पाहुणा गेला, अशी ही समजूत. गेम किंवा ॲप पुसल्याने वर्गणी थांबत नाही. ती कार्डाशी बांधलेली असते, चित्राशी नाही. सात तारखेला पैसे गेलेच, फक्त आता त्याबद्दल बघायलाही काही उरलं नाही.

दुसऱ्या प्रयत्नात ते ‘रद्द करा’ या पानापर्यंत पोचले. ते पान खात्याच्या पोटात, सेटिंगच्या तळाशी, फिकट राखाडी अक्षरांत होतं. तिथे हवेलीतली ती थकबाकीदार भाडेकरीण उभी होती. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. खाली दोन बटणं. मोठं, हिरवं: ‘मी तुला सोडून जाणार नाही.’ बारीक, करडं: ‘हो, मला तुझी पर्वा नाही.’ वर्गणीकर हा असा माणूस आहे की “येतो” म्हणून उठला तरी यजमानांच्या आग्रहाने जिन्यातून दोनदा परत येऊन बसतो. त्याने त्या बाईच्या तोंडावर करडं बटण दाबावं ही अपेक्षाच क्रूर होती. त्यांनी हिरवं दाबलं. पुढच्या पानावर त्यांना निष्ठेबद्दल तीन महिने अर्ध्या दरात मिळाले आणि चौथ्या महिन्यापासून पूर्ण दर.

या अश्रूंचं शास्त्र आहे आणि आता त्याविरुद्ध कायदाही आहे. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ३० नोव्हेंबर २०२३ रोजी अशा फसव्या मांडण्यांविरुद्ध मार्गदर्शक सूचना काढल्या. त्यांत तेरा प्रकार मोजून दिलेत. ग्राहकाला ओशाळवाणं करून निर्णय बदलायला लावणं हा त्यातला एक. वर्गणीतून बाहेर पडणं अवघड करून ठेवणं, रद्द करण्याची सोय दडवणं, मोफत म्हणून आधी कार्डाचे तपशील घेणं, हा दुसरा. वर्गणीकरांची केस एकट्याने दोन कलमं भरून काढते. १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर फोन केला तर तक्रार नोंदवता येते. वर्गणीकरांनी नंबर जपून ठेवलाय. पण फोन उचलणाऱ्याने “कोणत्या सेवेबद्दल तक्रार आहे सर?” असं विचारलं तर काय, इथे गाडी अडते.

बड्या कंपन्याही यात मागे नाहीत. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने जून २०२३ मध्ये ॲमेझॉनवर खटला भरला तेव्हा त्यात म्हटलं होतं की प्राइमची वर्गणी रद्द करण्याच्या वाटेला कंपनीच्या आत ‘इलियड’ म्हणत. ग्रीकांच्या लांबलचक युद्धाचं महाकाव्य! आयोगाच्या म्हणण्याप्रमाणे ती वाट चार पानं, सहा क्लिक आणि पंधरा पर्यायांची होती. सप्टेंबर २०२५ मध्ये अडीच अब्ज डॉलर मोजून हे प्रकरण मिटलं. ही बातमी वर्गणीकरांनी पेपरात दोनदा वाचली आणि वहिनींना वाचून दाखवली. ग्राहकांच्या हक्कांबद्दल नवऱ्याला एवढी तळमळ कधीपासून, हे वहिनींना कळेना.

तिसरा प्रयत्न त्यांनी स्वतः केलाच नाही, तो ऑस्ट्रेलियावर सोपवला. जुलै २०२५ मध्ये तिथल्या कलेक्टिव्ह शाउट नावाच्या संघटनेने काही प्रौढ गेमांविरुद्ध मोहीम उघडून पैसे हाताळणाऱ्या कंपन्यांकडे तगादा लावला. स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानाने काही गेम काढून टाकले, तशाच इच.आयओने प्रौढ गेम आपल्या शोधयादीतून हटवले. तिकडे कलास्वातंत्र्यावर घनघोर वाद पेटला. त्यात उभ्या जगात एकच गेम-वर्गणीदार असा असावा, जो मोहीम यशस्वी व्हावी म्हणून पाण्यात देव घालून बसला होता. त्या संघटनेनेच बंद पाडलं तर आपल्याला काही करावं लागणार नाही, हा हिशेब. सात तारीख आली. पैसे गेले. निर्मात्याचं पत्र आलं की तुमच्या पाठिंब्यामुळेच आम्ही या संकटात टिकलो. ०.१९ मध्ये जिना येईल.

शेवटी ते बँकेत गेले. घराजवळच्या शाखेत अर्थातच नाही. आत्यांच्या भजनी मंडळाचं खातं तिथे आहे. रजा टाकून ते ठाण्याच्या शाखेत गेले, टोकन घेतलं, आणि मुलीच्या वयाच्या अधिकारी बाईंसमोर बसून खालच्या आवाजात म्हणाले, “एक मँडेट बंद करायचंय.” बाईंनी पडदा त्यांच्याकडे वळवला. पडद्यावर त्यांची सगळी चालू मँडेट्स होती.

ती यादी म्हणजे वर्गणीकरांचं आत्मचरित्र होतं. इंग्रजी संभाषण शिकवणारं ॲप, बढतीची मुलाखत ठरली त्या महिन्यातलं. सूर्यनमस्कार मोजणारं ॲप, १ जानेवारीचं. साखर कमी करण्याचा आहार, रक्ततपासणीच्या दुसऱ्या दिवशीचा. भाच्याच्या लग्नासाठी घेतलेलं वधूवर मंडळ. भाच्याला आता मुलगा आहे आणि तो बालवाडीत जातो. फोटो साठवायची जादा जागा. दोन ओटीटी, त्यातलं एक फक्त एका मालिकेच्या शेवटासाठी. आत्यांचा अँटिव्हायरस. आणि या सगळ्यांच्या मधोमध, त्याच टाइपात, त्याच आकारात, तो सात्त्विक नावाचा हप्ता. शेजारी ना चित्र, ना शेरा, ना लाल अक्षरं.

बाईंनी चष्मा वर सरकवला. “काका, यातलं कुठलं?”

वर्गणीकरांनी घाम पुसत बोट ठेवलं. बाई म्हणाल्या, “हे तुम्हीच करा ना. बँकेच्या ॲपमध्ये कार्डाखाली ही यादी आहे. रद्द म्हणा, ओटीपी टाका, झालं.” मग त्यांच्याकडे नीट बघून म्हणाल्या, “काका, तब्येत बरी आहे ना? पाणी देऊ?”

एवढंच. कशाचे पैसे, किती वर्षं, कुणासाठी, काही नाही. त्यांच्यामागे टोकन क्रमांक सत्तेचाळीस उभा होता आणि त्याला एफडी मोडायची होती. वर्गणीकरांनी तिथेच खुर्चीत बसून ओटीपी टाकला. हवेली गेली. भाडेकरू गेल्या. न आलेला जिना गेला. वर्षानुवर्षं त्यांनी जे लपवण्यासाठी पैसे मोजले ते बघायला कुणी बसलंच नव्हतं. एवढा मोठा पहारा त्यांनी रिकाम्या खोलीवर ठेवला होता.

बाहेर येऊन त्यांनी वडापाव खाल्ला आणि हिशेब मांडला. गेमचे पैसे, नंतर अँटिव्हायरसचे पैसे, रजेचा दिवस, ठाण्याचं तिकीट. आकडा टँकरच्या फरकापेक्षा बराच मोठा होता, म्हणून तो त्यांनी कुणाला सांगितला नाही. अँटिव्हायरस मात्र चालूच आहे. आत्यांचा फोन आता झकास चालतो, आणि अँटिव्हायरस बंद केला तर का केला हे सांगावं लागेल.

वर्गणीकरांना हसून झालं असेल तर आता आपला फोन उघडा. यादी प्रत्येकाकडे आहे, फरक असला तर हवेलीचा. अँड्रॉइडवर प्ले स्टोअरमध्ये कोपऱ्यातल्या आपल्या फोटोवर बोट ठेवलं की पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स दिसतं. आयफोनवर सेटिंग्जमध्ये सर्वांत वर आपलं नाव असतं, त्याच्या आत सबस्क्रिप्शन्स. यूपीआयवरून जाणारे हप्ते तुमच्या यूपीआय ॲपच्या ऑटोपे विभागात, आणि कार्डावरचे बँकेच्या ॲपमध्ये ई-मँडेटच्या यादीत. पंधरा हजार रुपयांपर्यंतचे असे हप्ते दर वेळी ओटीपी न मागता जाऊ शकतात, पण चोवीस तास आधीचा संदेश येतो आणि त्या संदेशावरून तो हप्ता किंवा अख्खं मँडेट नाकारण्याचा हक्क रिझर्व्ह बँकेने तुम्हाला दिलेला आहे. रद्द करताना कारण विचारलं तर रिकामं सोडा. पडद्यावर कुणी रडलं तर रडू द्या, ते चित्र आहे.

आणि ‘या महिन्याचे पैसे तर गेलेच, आता महिनाअखेरीला बंद करू’ असं मनात आलं, तर ते वर्गणीकरांच्या घराण्याचं लक्षण समजावं. आज रद्द केलेली वर्गणी बहुतेक ठिकाणी भरलेल्या मुदतीच्या शेवटच्या दिवसापर्यंत चालूच राहते. थांबण्यात एक पैशाचाही फायदा नाही.